लक्ष्मी दरवाज्याची वाट

झाशी शहराच्या जुन्या कोटाला दहा दरवाजे होते. त्यांतील बहुतेकांची नावे वाटेच्या दुसऱ्या टोकाला असलेल्या गावांवरून पडलेली आहेत. दतिया दरवाजा, उनाव दरवाजा, ओरछा दरवाजा, बडागाव दरवाजा, भांडेर दरवाजा, सागर दरवाजा. ज्या दाराने ज्या गावाला जायचे त्या गावाचे नाव त्या दाराला, असा हा सरळ व्यवहार आहे. ह्या रांगेत लक्ष्मी दरवाजा मात्र निराळा पडतो. लक्ष्मी गाव असे कोणतेही ठिकाण त्या वाटेवर नाही. आज ज्याला तिथले लोक लक्ष्मी गेट म्हणतात त्या दारातून बाहेर पडले की एक विस्तीर्ण तळे लागते, महालक्ष्मीचे देऊळ लागते आणि जवळच एका राजाची छत्री लागते. दार शहराचे खरे, परंतु त्याची वाट एका घराण्याची होती.

झाशीला प्रथमच जाणारा माणूस ह्या दाराचे नाव राणी लक्ष्मीबाईंशी जोडतो, आणि त्यात त्याचा दोष नाही, कारण त्या शहरात दर दोन पावलांवर राणीचेच नाव भेटते. रेल्वेचे स्थानकसुद्धा आता वीरांगना लक्ष्मीबाईंच्या नावाने ओळखले जाते. तथापि तळ्याकाठचे महालक्ष्मीचे देऊळ राणीपेक्षा वयाने बरेच वडील आहे. काशीहून आणि ब्रह्मावर्ताहून आलेली मनकर्णिका तांबे ही मुलगी १८४२ साली नेवाळकरांच्या घरात सून म्हणून आली आणि तिचे नाव लक्ष्मी ठेवले गेले, तेव्हा ह्या घराण्याची देवी त्या तळ्यावर केव्हाच येऊन बसलेली होती.

ह्या घराण्याचा वाडा, त्याची मालमत्ता आणि त्या दोहोंचे काय झाले, ह्याविषयी आज बोलावयाचे आहे. परंतु झाशीत शिरण्यापूर्वी, श्रोतेहो, क्षणभर इंग्लंडात जाऊन येऊ. त्याचे कारण पुढे ध्यानात येईल.

ऑक्सफर्डजवळ वुडस्टॉक म्हणून एक गाव आहे. तिथे ब्लेनहाइम नावाचा एक प्रचंड वाडा आहे. १७०४ च्या ऑगस्टमध्ये मार्लबरोचा ड्यूक जॉन चर्चिल ह्याने बव्हेरियात फ्रेंचांचा मोठा पराभव केला, त्याचे बक्षीस म्हणून राणी ॲन हिने त्याला वुडस्टॉकची जमीनदारी दिली आणि तिथे १७०५ पासून हा वाडा उठू लागला. भोवती बाग, मागाहून केलेले मोठे तळे, वाड्यातच प्रार्थनामंदिर, त्यात घराण्याची समाधी आणि सभोवार कुळांनी कसलेल्या जमिनी. इंग्लंडातील मोठ्या ग्रामवाड्यांची रचना सामान्यतः अशीच असते. वाडा हा त्या रचनेचा केवळ मुखवटा. खरा जीव असतो तो जमिनीत, आणि जमिनीचा जीव असतो वारसाहक्काच्या कायद्यात. वडील मुलाने सगळे घ्यावे, कोणालाही त्यातले विकता येऊ नये, अशी बांधणी वकिलांकडून करून घ्यावयाची, म्हणजे शतकामागून शतके घर एका हाती राहते.

आता ह्या मार्लबरोची अडचण पाहा. त्याचा जिवंत राहिलेला एकुलता एक मुलगा १७०३ मध्येच वारला होता. मुली होत्या, पण ड्यूकचा किताब मुलीकडे जात नसे. तेव्हा १७०६ साली पार्लमेंटने खास कायदा केला आणि हा किताब व ही मालमत्ता मुलींच्या वंशाकडेही जावी अशी सोय करून दिली. त्याप्रमाणे १७२२ मध्ये बाप वारल्यावर थोरली मुलगी हेन्रिएटा हक्काने डचेस झाली आणि तिच्यामागून किताब तिच्या बहिणीच्या मुलाकडे गेला. ज्याने राज्याची सेवा केली त्याचे घर मुलगा नाही एवढ्यावरून बुडू नये, एवढे तारतम्य त्या पार्लमेंटने दाखविले. त्या देणगीच्या बदल्यात घराण्याने राजाला खंड काय द्यावयाचा? तर दरवर्षी लढाईच्या दिवशी, १३ ऑगस्टला, फ्रान्सच्या राजचिन्हाचे एक लहानसे निशाण. ते विंडसरच्या राजवाड्यात आजतागायत पोचते केले जाते. एक रेशमी निशाण आणि एक वाडा, असा हा करार आहे.

झाशीच्या वाड्यातही एक रेशमी निशाण होते. त्याची गोष्ट ओघाने येईलच.

झाशीचा किल्ला मराठ्यांनी बांधलेला नाही. तो ओरछाच्या बीरसिंह देवाने १६१३ मध्ये बांगरा टेकडीवर बांधला. मराठे त्या मुलखात आले ते छत्रसालाच्या हाकेला पहिला बाजीराव १७२९ मध्ये धावून गेल्यानंतर, आणि झाशीस मराठी अंमल स्थिर केला तो नारो शंकराने १७४२ पासून. किल्ल्याचा विस्तार करून त्याने शंकरगड उभारला आणि खाली शहर वसविले. नारो शंकर १७५७ च्या सुमारास परत बोलावला गेला. त्याच्यामागून आलेल्या दोनतीन सुभेदारांविषयी फारसे सांगण्याजोगे नाही. नंतर १७६९-७० च्या सुमारास रघुनाथ हरी नेवाळकर आले, आणि तिथून पुढे झाशीचा इतिहास हा एका घराचा इतिहास होतो.

नेवाळकर मूळचे कोकणातले, रत्नागिरी जिल्ह्यात लांज्याजवळच्या कोट गावचे, कऱ्हाडे ब्राह्मण. त्यांचीच एक शाखा खानदेशात पारोळ्यास होती. तिथे १७२७ साली बांधलेला भुईकोट अजून पडक्या अवस्थेत दिसतो. कोकणातल्या तांबड्या मातीतून निघालेले हे लोक खानदेशातून बुंदेलखंडात गेले, आणि जिथे मराठीचा शब्द कानांवर पडत नव्हता तिथे त्यांनी चैत्रातले हळदीकुंकू नेले, गणपती नेला, पुरणावरणाचा स्वयंपाक नेला आणि आपली महालक्ष्मी नेली. रघुनाथ हरींनी महालक्ष्मीचे देऊळ बांधले, रघुनाथाचे देऊळ बांधले आणि शहरात आपल्यासाठी वाडा बांधला. आज राणी महाल म्हणून दाखवितात तो ह्याच वाड्याचा अवशेष.

वाडा फार मोठा नाही. ब्लेनहाइमच्या एका अंगात असे चारपाच वाडे सहज मावतील. मधल्या चौकाभोवती दोन मजले, वर सपाट धाबे, चौकाच्या एका बाजूला लहानशी विहीर आणि दुसऱ्या बाजूला कारंजे, सहा दालने आणि दोन समांतर सोपे. पुणे-साताऱ्याकडचा माणूस आत शिरला म्हणजे त्याला चौकाची ओळख तत्काळ पटते, पण कमानींकडे व नक्षीकडे पाहिले की बुंदेलखंडाची आठवण होते. दरबारी दालनात रंगीत फुले, वेली आणि पाखरे काढलेली आहेत. मला ह्या वाड्याची गंमत वाटते ती ही की त्याला बाग नाही, तळे नाही, देऊळही नाही. दाराशी थेट बाजार आहे. इंग्लंडातील जमीनदार आपला वाडा गावापासून दूर नेऊन भोवती हिरवळीचे कुंपण घालतो. झाशीचा सुभेदार गावाच्या गर्दीत राहतो आणि तळे, देऊळ व स्मशान ह्यांसाठी दरवाज्याबाहेर जातो. लक्ष्मी दरवाज्याची वाट ही ह्या वाड्याचीच लांब गेलेली ओसरी होय, असे म्हणावयास हरकत नाही.

वरसईच्या विष्णुभट गोडशांचा ‘माझा प्रवास’ आपल्यापैकी पुष्कळांनी वाचला असेल. यज्ञाच्या दक्षिणेच्या आशेने १८५७ मध्ये ते उत्तरेस गेले आणि झाशीच्या वेढ्यात सापडले. मंगळवारी आणि शुक्रवारी बाईसाहेबांची स्वारी महालक्ष्मीच्या दर्शनाला कशी जात असे ह्याचे त्यांनी केलेले वर्णन प्रसिद्धच आहे. कधी मेण्यातून, कधी घोड्यावरून. ते वर्णन वाचताना मिरवणुकीच्या थाटाकडे आपले लक्ष जाते. परंतु त्या स्वारीत घराण्याची सारी मिळकत चालत होती, हे सहसा ध्यानात येत नाही. पागा होती, पिलखाना होता, हुजरे, भालदार, आश्रित ब्राह्मण होते, देवळातले पुजारी आणि गुरव होते. ह्या सगळ्यांचे पोट कशावर चाले? महसुलावर आणि देवस्थानाला लावून दिलेल्या गावांवर. देवळाच्या खर्चासाठी वेगळी गावे तोडून दिलेली होती. त्यांच्या उत्पन्नातून नंदादीप जळे आणि नैवेद्य होई. मराठी राज्यपद्धतीत घर, दौलत आणि देव ह्यांच्या सीमा अशा एकमेकींत शिरलेल्या असत.

नेमका इथेच पुढील अनर्थाचा उगम आहे. नेवाळकर हे मुळात पेशव्यांचे सुभेदार, म्हणजे चाकर. वसूल करावा, खर्च वजा जाता पुण्यास पाठवावा, हे त्यांचे काम. सुभेदारी ही मालमत्ता नव्हे, ती नेमणूक आहे. परंतु पुण्याचा हात जसजसा सैल पडत गेला तसतशी नेमणूक वंशपरंपरेची झाली. रघुनाथ हरींच्या मागून त्यांचे बंधू शिवरावभाऊ आले. त्यांनी १८०४ मध्ये इंग्रजांशी स्नेहाचा तह केला. पेशव्यांनी १८१७ च्या जूनमध्ये बुंदेलखंडावरचे आपले हक्क कंपनीस सोडून दिले आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात कंपनीने शिवरावभाऊंचे नातू रामचंद्रराव ह्यांच्याशी नवा तह करून झाशीचा मुलूख त्यांना, त्यांच्या वारसांना आणि उत्तराधिकाऱ्यांना कायमचा म्हणून मान्य केला. रामचंद्ररावांनीही स्नेह राखला. ब्रह्मदेशाच्या पहिल्या युद्धात इंग्रजांची फौज पूर्वेकडे गुंतलेली असताना काल्पीवर संकट आले, तेव्हा झाशीची फौज इंग्रजांच्या मदतीला गेली. १८३२ मध्ये लॉर्ड बेंटिंक झाशीस आला. त्याने रामचंद्ररावांना महाराजाधिराज हा किताब दिला आणि इंग्लंडचे रेशमी निशाण दिले. हे निशाण आपल्या स्वारीपुढे चालविण्याची परवानगी म्हणजे त्या काळी मोठाच मान. वाड्यात ते निशाण जपून ठेवलेले होते.

मार्लबरोला देणगी मिळाली आणि त्याने निशाण दिले. झाशीकरांना निशाण मिळाले. देणगीचे काय झाले ते आता पाहू.

रामचंद्रराव १८३५ मध्ये निपुत्रिक वारले. नंतर रघुनाथराव तीन वर्षे आणि त्यांच्यामागून धाकटे बंधू गंगाधरराव. मधली काही वर्षे कारभार इंग्रजांच्या देखरेखीखाली होता. गंगाधरराव हे नाटकाचे शोकी, ग्रंथांचेही शोकी. झाशीच्या पुस्तकसंग्रहाची कीर्ती काशीपर्यंत होती असे गोडसे भटजींच्या लेखनावरून दिसते. त्यांना १८५१ मध्ये मुलगा झाला आणि काही महिन्यांतच तो गेला. १८५३ च्या नोव्हेंबरात ते स्वतः अंथरुणाला खिळले. २० तारखेला त्यांनी भाऊबंदांपैकी वासुदेवराव नेवाळकरांचा मुलगा आनंदराव, वय वर्षे पाच, इंग्रज अधिकाऱ्यांच्या समक्ष दत्तक घेतला, त्याचे नाव दामोदरराव ठेवले, आणि २१ तारखेस त्यांचा अंत झाला. त्यांची छत्री राणीने लक्ष्मी तलावाजवळ बांधविली. अठरा वर्षांच्या काळात ह्या घरात तीन वेळा गादी रिकामी पडली, आणि पहिल्या दोन्ही वेळी सरकारने कोणा तरी नेवाळकराला मान्यता दिली होती. तिसऱ्या वेळी दिली नाही.

गव्हर्नर जनरल डलहौसीने २७ फेब्रुवारी १८५४ च्या आपल्या टिपणात झाशी खालसा करण्याचा निर्णय दिला. त्याचे तर्कशास्त्र असे: झाशी हे स्वतंत्र राज्य नव्हे, ती पेशव्यांची सुभेदारी. पेशव्यांचा हक्क कंपनीकडे आला. सुभेदाराला औरस संतती नाही, म्हणून सुभा मूळ धन्याकडे परत. राणीचा युक्तिवाद दुबळा होता असे समजण्याचे कारण नाही. तिने आपल्या खलित्यात १८१७ च्या तहातील शब्दांवरच बोट ठेवले. ‘वारसान’ आणि ‘जानशीनान’ हे दोन निराळे शब्द तिथे आहेत. वारस म्हणजे रक्ताचा, आणि जानशीन म्हणजे जागी बसणारा, ज्यात दत्तकही आला. दोन्हींचा अर्थ एकच असता तर तह लिहिणाऱ्यांनी दुसरा शब्द कशासाठी घातला? शेजारच्या संस्थानांत दत्तक मान्य झाल्याचे दाखलेही तिने दिले. एखाद्या मुरब्बी वकिलाला शोभावा असा हा मुद्दा आहे. तो ऐकून घेण्यास कोणी पार्लमेंट बसलेले नव्हते.

आणि ह्या निर्णयातच एक विलक्षण गोष्ट आहे. डलहौसीने दत्तक खोटा ठरविला नाही. दत्तविधान खासगी मालमत्तेपुरते शास्त्रशुद्ध आहे, मात्र त्याने राज्य मिळत नाही, असे त्याने ठरविले. म्हणजे दामोदरराव हा गंगाधररावांचा मुलगा होता आणि नव्हताही. घरातले जडजवाहीर त्याचे, घराबाहेरची झाशी कंपनीची. आधी राणीकडे खासगी ऐवज द्यावा अशी शिफारस अधिकाऱ्यांनी केली होती. तीही डलहौसीने अशी फिरविली की ऐवज मुलाचा, तो सज्ञान होईपर्यंत सरकारच्या ताब्यात राहावा. त्यामुळे काही लाख रुपये तिजोरीत जाऊन बसले. विधवेला महिना पाच हजारांची नेमणूक आणि राहावयास शहरातला वाडा. किल्ला तिला सोडावा लागला. घर, दौलत आणि देव ह्यांच्या ज्या सीमा शंभर वर्षे कोणी आखल्या नव्हत्या त्या आता कलकत्त्यात बसून आखल्या गेल्या.

त्या वर्षी राणीने जॉन लँग ह्या वकिलाला सल्ल्यासाठी बोलाविले. त्याने पुढे ह्या भेटीची हकीकत लिहून ठेवली आहे. पडद्याआड राणी बोलत होती आणि पडद्याच्या अलीकडे लहान दामोदर होता. त्या पोराने मध्येच पडदा बाजूला सारला आणि लँगला राणीचे ओझरते दर्शन झाले. पोराच्या खोडकरपणामुळे आपल्याला राणीचे डोळ्यांनी पाहिलेले एक वर्णन मिळाले. लँगचा सल्ला व्यवहाराचा होता: नेमणूक तक्रार नोंदवून घ्यावी आणि वर अर्ज करीत राहावे. राणीने आरंभी नेमणूक नाकारली, पुढे घेतली. अर्जांचा उपयोग झाला नाही.

किल्ला गेला, सैन्य मोडले, कारकून गेले. ह्या गोष्टी इतिहासात येतात. मला त्यांच्याहून बारीक गोष्टी जास्त बोलक्या वाटतात. गंगाधररावांच्या कर्जाची वसुली राणीच्या नेमणुकीतून करण्याचा हुकूम निघाला. राज्य सरकारने घेतले, तर राज्याचे देणे विधवेच्या घरखर्चातून का, ह्याचे उत्तर नव्हते. दामोदररावाच्या मुंजीसाठी त्याच्याच पैशांतले एक लाख रुपये मागावे लागले, आणि ते मिळाले ते सावकारांचे जामीन दिल्यावर. आणि महालक्ष्मीच्या देवळाला लावून दिलेली गावे सरकारजमा झाली. राणीने विनंती केली, ती अमान्य झाली. लक्ष्मी दरवाज्याबाहेरच्या त्या देवळात पूजा थांबली नाही, पण ती आता घराच्या ऐपतीवर होऊ लागली. ज्या शहरात दर मंगळवारी व शुक्रवारी लोक ह्या वाटेवर जमत होते, त्या शहराला गावे गेल्याची वार्ता सांगावयास जाहीरनामा लागला नसेल.

१८५७ च्या जूनमध्ये झाशीच्या छावणीतील शिपाई उठले. जोखन बागेत ८ जून रोजी इंग्रज स्त्रीपुरुषांची आणि मुलांची कत्तल झाली. ते कृत्य भयंकर होते. राणीचा त्यात हात होता की नव्हता, ह्यावर पुष्कळ वाद झाला आहे. उपलब्ध पुराव्यावरून तिच्यावर तो आरोप ठेवता येत नाही असे मला वाटते. शिपाई दिल्लीकडे निघून गेले आणि राणीने कारभार हाती घेतला. पुढची लढाई आपण शाळेपासून ऐकत आलो आहो, म्हणून मी तिच्यातून वाड्यापुरतेच उचलतो.

सर ह्यू रोज १८५८ च्या मार्चअखेर झाशीपुढे आला. मदतीला आलेल्या तात्या टोप्यांचा बेतवाकाठी १ एप्रिलला मोड झाला. ३ एप्रिलला इंग्रज कोटावर चढले. राणी किल्ल्यात होती. वाड्यात तिची माणसे होती, आणि त्यांनी वाडा सहजासहजी दिला नाही. दालनामागून दालन असे झुंजत इंग्रजांना आत यावे लागले. पागेत राणीच्या खास रिसाल्यातले सुमारे चाळीस स्वार उरले होते. ते शेवटपर्यंत लढले. पागेला आग लागली तरी त्यांतले बाहेर पडले ते तलवारी घेऊनच. ह्या माणसांची नावे कोणत्याही कागदावर नाहीत. वाड्याच्या सामानात इंग्रज सैनिकांना एक रेशमी निशाण सापडले. हेच ते बेंटिंकने रामचंद्ररावांना इमानाबद्दल दिलेले इंग्लंडचे निशाण. सैनिकांनी ते त्याच वाड्यावर चढविण्याची परवानगी मागितली आणि रोजने ती दिली. स्नेहाची खूण म्हणून सव्वीस वर्षे पेटीत जपलेले कापड त्याच घरावर विजयाची खूण म्हणून फडकले. ह्याहून कडवट योगायोग मला इतिहासात क्वचितच आढळला आहे.

त्यानंतरचे दिवस गोडसे भटजींनी आतून पाहिले. लूट कशी क्रमाने झाली, आधी सोनेनाणे, मग भांडीकुंडी, मग कपडे आणि धान्य, ते त्यांनी एखाद्या हिशेबनिसाच्या शांतपणाने सांगितले आहे. पुस्तकसंग्रहाचा नाश सांगताना मात्र त्यांची शांती ढळते. ते भिक्षुक होते, पोथीची किंमत जाणणारे होते. राणी ४ एप्रिलच्या रात्री दामोदररावाला घेऊन किल्ल्यातून निघून गेली. तिचे वडील मोरोपंत तांबे पकडले गेले आणि त्यांना फाशी देण्यात आले. जूनमध्ये ग्वाल्हेरजवळ राणी रणात पडली.

वाडा, जवाहीर, तिजोरीत ठेवलेले मुलाचे पैसे, सगळे जप्त झाले. ह्या शेवटच्या बाबीकडे लक्ष द्यावे. ते पैसे राणीचे नव्हते. ते दामोदररावाचे आहेत आणि सरकार त्यांचे केवळ विश्वस्त आहे, असे डलहौसीनेच लिहून ठेवले होते. जप्तीच्या वेळी ह्या मुलाला नऊ वर्षेही पुरी झाली नव्हती. दूर खानदेशात पारोळ्यालाही त्याची झळ लागली: १८५९ मध्ये गाव जप्त झाले आणि किल्ला मोडण्यात आला.

विश्वासू माणसांबरोबर दामोदरराव दोन वर्षे बुंदेलखंडाच्या रानावनांत हिंडले. १८६० मध्ये त्यांना इंदुरास इंग्रजांच्या स्वाधीन करण्यात आले. तिथे थोडीशी नेमणूक बांधून मिळाली. आपले पैसे परत मिळावेत म्हणून त्यांनी अर्ज केले, पण ते मिळाले नाहीत. १९०६ मध्ये इंदुरातच त्यांचे निधन झाले. त्यांच्या वंशजांनी नेवाळकर हे आडनाव सोडून झाशीवाले हे नाव लावले. ज्या घराला झाशीत चौरस हात जागा राहिली नाही त्याने झाशी आपल्या नावात घेतली.

शहराचे पुढे काय झाले तेही थोडे चमत्कारिक आहे. १८६१ मध्ये इंग्रजांनी झाशी शहर ग्वाल्हेरच्या शिंद्यांना दिले, आणि १८८६ मध्ये ग्वाल्हेरचा किल्ला शिंद्यांना परत करून त्याच्या बदल्यात झाशी पुन्हा घेतली. म्हणजे मधली पंचवीस वर्षे लक्ष्मी दरवाज्यावर पुन्हा एका मराठी सरदाराचा अंमल होता. चिंतामणराव वैद्यांच्या सांगण्यावरून गोडसे भटजी १८८३ मध्ये आपली हकीकत लिहून काढीत होते, तेव्हा झाशी शिंदेशाहीतच होती. ती हकीकत वैद्यांनी छापली १९०७ मध्ये, दामोदरराव गेल्यानंतर एका वर्षाने. त्यापूर्वी १८९४ मध्ये दत्तात्रय बळवंत पारसनीसांनी राणीचे मराठी चरित्र प्रसिद्ध केले होते. घराण्याची मालमत्ता सरकारी दफ्तरांत विरून गेली. जी उरली ती मराठी पुस्तकांत उरली.

आज राणी महाल पुरातत्त्व खात्याच्या ताब्यात आहे. तोफांनी त्याचा बराच भाग पाडला होता, उरलेल्याची डागडुजी झाली आहे. आत झाशीच्या आसपास सापडलेली मध्ययुगीन शिल्पे मांडून ठेवली आहेत. नेवाळकरांच्या चौकात चंदेल काळातले देव भिंतीला टेकून उभे आहेत. घरच्या भांड्यांपैकी, वस्त्रांपैकी, पोथ्यांपैकी तिथे काही शोधू नये. इंग्लंडातही मोठे वाडे चालविणे घराण्यांना जड झाले. १८९४ पासून वारसाकर बसला, विसाव्या शतकात शेकडो वाडे पाडले गेले, आणि १९३७ नंतर पुष्कळांनी आपले वाडे नॅशनल ट्रस्टकडे सोपविले. ब्लेनहाइमदेखील १९५० पासून तिकीट घेऊन पाहता येते. तथापि तिथे आत गेल्यावर पलंग जागेवर असतो, पूर्वजांच्या तसबिरी जागेवर असतात, आणि वरच्या मजल्यावर कोणी वंशज राहत असतो. झाशीच्या वाड्यात तिकीट काढून आपण आत जातो ते रिकाम्या घरात.

लक्ष्मी दरवाज्याबाहेर मात्र घर इतके रिकामे वाटत नाही. कुंपणाच्या आत गंगाधररावांची छत्री आहे. तळे आहे, जरी त्याच्या काठांवर वस्तीने पुष्कळ आक्रमण केले आहे आणि त्यात शिरणाऱ्या सांडपाण्याचा प्रश्न अलीकडे हरित न्यायाधिकरणापर्यंत गेला आहे. देवळाला गावे परत मिळालेली नाहीत. पूजेचा खर्च आता लोक करतात, बुंदेली बोलणारे लोक, ज्यांच्या पूर्वजांचा कोकणाशी कधी संबंध आला नसेल. मंगळवारी आणि शुक्रवारी सायंकाळी फुले-नारळ घेऊन माणसे त्याच दारातून त्या वाटेने जाताना दिसतात.